संस्कृतात चालते, इंग्रजीत चालते

आमच्या घरात डुकराचे मांस प्रथम आले ते इंग्रजी नाव घेऊन. पुण्यात शिकणारी भाची वाठारच्या फाट्यावर उतरली, रिक्षाने पेठ वडगावात आली आणि बर्फात ठेवलेला डबा आमच्या हाती देत म्हणाली, "मामी, बेकन आहे. रविवारी खजुराला गुंडाळून करू या." घरात त्यावर चर्चा झाली नाही. बेकन म्हणजे काय हे आम्हा दोघांनाही ठाऊक होते. तरी त्या शब्दाचा मराठी अर्थ उच्चारण्याची गरज कोणालाच भासली नाही. उच्चारला तो ऐंशी ओलांडलेल्या आजींनी. "म्हंजे डुक्कर म्हण की!" असे म्हणून त्या हसल्या, आणि माहेरी शिकारीचे रानडुक्कर येत असे त्याची आठवण सांगू लागल्या. मग जरा थांबून त्यांनी पुस्ती जोडली, "पण ते रानातलं. गावातलं न्हवं."

१९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर ती शिकार इतिहासजमा झाली, परंतु रान आणि गाव यांमधली ती रेघ मात्र जशीच्या तशी उरली आहे. तिच्याकडे पुढे येऊच. आधी पदार्थ.

पदार्थ म्हणावा इतकेही त्यात काही नाही. बारा नगांसाठी बारा खजूर आणि बेकनच्या सहा पट्ट्या पुरतात. खजूर मात्र मोठा, मऊ, अखंड हवा. बाजारात ढेपेसारखा दाबून बसवलेला काळा खजूर येथे उपयोगाचा नाही, कारण त्याला पोट उरत नाही. मेडजूल जातीचा मिळाल्यास उत्तम. त्याला एका बाजूने चीर देऊन बी काढावी आणि जागी एक भाजलेला बदाम ठेवावा. शेजारच्या घरून रमझानात आमच्याकडे दरवर्षी खजूर येतो, आणि त्याचा डबा घरात होताही. तो या कामासाठी उघडायचा नाही एवढे आम्ही न बोलता ठरवले होते. बाजारातून वेगळा आणला.

बेकन म्हणजे डुकराच्या पोटाकडचे, चरबीचे थर असलेले मांस. ते मिठात मुरवतात, बहुधा धुरावर धरतात आणि पातळ पट्ट्या कापतात. तेव्हा वरून मीठ घालण्याचा प्रश्नच नाही. पट्टी मधोमध कापून अर्धी अर्धी खजुराभोवती गुंडाळायची आणि पाण्यात भिजवलेली दात कोरायची काडी टोचून ठेवायची. ओव्हन असल्यास २०० अंश सेल्सिअसला १५ ते २० मिनिटे लागतात. आमच्याकडे बिडाचा तवा. त्यावर युक्ती एवढीच, की तवा थंड असतानाच नग मांडायचे, पट्टीचा सांधा खाली ठेवायचा आणि मग मंद आच लावायची. चरबी हळूहळू सुटते, सांधा आपोआप चिकटतो, आणि तेलाचा थेंबही लागत नाही. तापल्या तव्यावर टाकले तर पट्टी आकसते आणि खजूर उघडा पडतो. घाई करू नये हेही खरे. डुकराचे मांस आतपर्यंत शिजलेच पाहिजे, त्यातून फैलावणाऱ्या पट्टकृमीचे भय काल्पनिक नाही.

भाचीच्या कृतीत शेवटी मेपलचा पाक लावायला सांगितले होते. ज्या जिल्ह्याच्या गुळाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळाले, तेथे मेपलचा पाक शोधत हिंडणे आम्हाला जरा लाजिरवाणे वाटले. उसाचा रस आटत गुळाकडे निघालेला असतो त्या वाटेवर काकवी लागते. ती चमचाभर घेऊन, चिमूटभर लाल तिखट मिसळून, शेवटच्या दोन मिनिटांत वरून फिरवली. आधी लावली तर करपते.

मटणात गोड? कोल्हापूरकराच्या कपाळाला आठी पडणार हे उघड आहे. तांबड्या रश्शाशी इमान राखणाऱ्या माणसाला मांसात साखर घालणे हा जवळजवळ नैतिक अपराध वाटतो. पण हाच माणूस अळूवडीतला चिंचगूळ बोटे चाटत खातो, आणि त्याच्या ताटातली आमटी गुळाच्या खड्यावाचून पुरी होत नाही. मीठ जिभेवरचा कडवटपणा दाबते आणि त्यामुळे गोडी वर येते, हे आपल्या स्वयंपाकघराला रसायनशास्त्रावाचून कळलेले आहे. अळूवडीही गुंडाळलेलीच असते. म्हणून पहिला घास तोंडात गेल्यावर आम्हाला परकेपणा जाणवला नाही. बाहेर खारट कुरकुरीतपणा, आत वितळलेला खजूर, मग बदामाचा कडक दाणा. चव ओळखीची निघाली. अडखळायला झाले ते नावाशी.

नावांचा खेळ इंग्रजीतही आहेच. सुक्या आलुबुखाराभोवती बेकन गुंडाळले की इंग्रज त्याला 'घोड्यावरचे सैतान' म्हणतात आणि कालव गुंडाळले तर 'घोड्यावरचे देवदूत'. आपण मात्र जो खजुराचा प्रकार केला, तो स्पेनमध्ये मद्याबरोबरच्या किरकोळ खाण्यात सर्रास असतो. त्या देशाचा इतिहास पाहिला की या छोट्या घासाकडे निरखून पाहावेसे वाटते. एल्चे येथील खजुरीची विस्तीर्ण राई, जी २००० साली जागतिक वारसास्थळ ठरली, ती अरब राजवटीतील पाटपाण्यावर उभी राहिली. पुढे त्याच देशात धर्मांतरित मुसलमान आणि यहुदी खरोखर ख्रिस्ती झाले आहेत की नाही, याचा संशय त्यांच्या ताटावरून घेतला जाई. डुक्कर टाळणे हा पुरावा ठरे. एकाचे फळ आणि दुसऱ्याचे मांस एका काडीत टोचलेले आज तेथे कोणाला खुपत नाही. त्यांना ते खुपू नये इतका काळ मध्ये गेला आहे.

आपल्याकडे काळ कमी गेलेला नाही. कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याच्या 'मानसोल्लास' या ग्रंथात, म्हणजे ११२९ च्या सुमारास, अन्नभोगाच्या प्रकरणात वराहाचे मांस सिद्ध करण्याची सविस्तर कृती आहे. केस कसे काढावेत, आगीवर कसे भाजावे, ताडपत्रासारख्या पातळ पट्ट्या कशा कापाव्यात, सारे राजाच्या पाकशाळेला शोभेल अशा गांभीर्याने सांगितले आहे. त्या काळी आमच्या कोल्हापुरावर राज्य करणारे शिलाहार याच चालुक्यांचे मांडलिक. ताडपत्रासारख्या पट्ट्या वाचताना आम्हाला भाचीचा डबा आठवल्यावाचून राहिला नाही. तर वराह संस्कृतात चालतो. तेथे तो अवतारही आहे. बेकन इंग्रजीत चालते. ते पुण्यातल्या दुकानाच्या शीतकपाटात ऐटीत बसते. अडते ते मराठीत. मराठीत तो प्राणी शिवी होतो, आणि त्याला पाळणारी, खाणारी माणसे गावाच्या कडेला राहतात.

हे आम्ही पुस्तकी बोलत होतो, तोवर ठीक होते. त्या रविवारी आमचे एक निवृत्त सहकारी घरी आले होते. तेही मराठीचेच अध्यापक, वडार समाजातले. ताटली पुढे केली तेव्हा त्यांनी काडी उचलली, वास घेतला आणि भाचीला म्हणाले, "पोरी, खजूर बाजूला काढून मला नुसतं दे." तिने तसे दिले. त्यांनी सावकाश खाल्ले. "मीठ फार आहे," एवढाच अभिप्राय.

मग त्यांनी जे सांगितले ते आमच्या पंचवीस वर्षांच्या स्नेहात कधी निघाले नव्हते. नोकरीच्या पहिल्या वर्षी एका तालुक्याच्या गावी ते खोली शोधत होते. मालकाने विचारले, "खाण्यापिण्याचं काय?" आमच्या भागात मांसाहाराला कोणाची ना नसते, बोकडाचे मटण हा तर घरमालकाचाही रविवार. म्हणजे प्रश्न मटणाचा नव्हताच. आपण कोण आहोत, हे तो त्या एका प्राण्यावरून विचारत होता हे त्यांना कळले. "काही नाही," असे उत्तर देऊन त्यांनी खोली मिळवली आणि त्या दिवसापासून ते खाणे घरात बंद केले. आई होती तोवर तिच्याकडे गेल्यावर खात. ती गेल्यावर तेही संपले. त्यांच्या मुलांनी ते कधी चाखलेले नाही. "आता तुमच्याकडं काडी लावून आलंय," असे म्हणून ते हसले. त्या हसण्यात कडवटपणा नव्हता असे म्हणणे सोयीचे झाले असते.

आम्ही तिघांनीही आयुष्यभर 'बलुतं', 'उपरा', 'उचल्या' वर्गात शिकवली. १९७८, १९८०, १९८७ ही साले आमच्या विद्यार्थ्यांना तोंडपाठ असतात. वेदना, नकार, विद्रोह यांवर प्रश्न निघतात आणि उत्तरे लिहिली जातात. या पुस्तकांतली भूक आम्ही सर्वांनी वाचली. चव कितीजणांनी वाचली? वंचितांच्या ताटात केवळ अभाव असतो आणि कौशल्य, आवडनिवड, सणाची वाट पाहणे हे सारे वरच्या ताटांत, असे आपले समीक्षाशास्त्र न बोलता गृहीत धरते. शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' २०१५ साली आले. मराठवाड्यातील महार आणि मांग समाजांचे खाणे त्यांनी कृतींसह, मापांसह, शब्दांसह नोंदवले. ते पाककृतींचे पुस्तक की आत्मकथन, या प्रश्नावर विद्यापीठीय मंडळी अडून बसतात. आमच्या मते तो प्रश्नच गौण आहे. एखाद्या समाजाचा 'वशाट' हा शब्द छापील पानावर सन्मानाने येणे ही वाङ्मयीन घटना आहे, आणि तिला अभ्यासक्रमात जागा हवी.

सहकाऱ्यांना आम्ही आईची कृती विचारली. त्यांनी ती वर्गात शिकवावी तशी क्रमाने सांगितली. चरबीसकट मोठे तुकडे, हळद, मीठ, ठेचलेला भरपूर लसूण आणि सुक्या मिरच्या. पाणी नाही, तेल नाही. झाकण ठेवून मंद जाळावर त्याच्याच चरबीत शिजवायचे, आणि शेवटी झाकण काढून कडा तांबूस होईतो परतायचे. वर लिंबू. सोबत ज्वारीची भाकरी. थंड तव्यावर नग मांडून मंद आच लावण्याची भाचीची युक्ती आणि ही कृती यांत तत्त्व एकच आहे, हे तिच्या आधी लक्षात आले. ती वहीत लिहून घेऊ लागली आणि वरती शीर्षक काय द्यावे म्हणून थांबली. "डुकराचं सुकं," सरांनी सांगितले, आणि तिने तसेच लिहिले.

तव्यावर अर्धी वाटी चरबी साठली होती. टाकून देणार तोच सरांनी थांबवले आणि एका स्टीलच्या डब्यात ती गाळून घेऊन गेले. आठवड्याने डबा परत आला. दुसऱ्याचा डबा रिकामा पाठवायचा नसतो; त्यात लसणाची चटणी होती, त्याच चरबीत परतलेली. भाकरीबरोबर ती दोन दिवसांत संपली.