फाट्यावरचे तळेगाव

नागपूर-अमरावती हमरस्त्यावर कारंजा (घाडगे) मागे पडले की आम्हांला तळेगाव लागते. एक रस्ता आर्वीकडे, दुसरा आष्टीकडे फुटतो. दाभाडे, ढमढेरे, दशासर अशी तळेगावे अनेक. म्हणून याच्या नावापुढे 'श्यामजी पंत'. एस. टी. आगारामुळे पंचक्रोशीचा राबता येथेच. तालुका आष्टी, 16 ऑगस्ट 1942 रोजी पेटून उठलेली आष्टी ती हीच.

आम्ही गाव पाहतो तेव्हा आधी ग्रामपंचायत पाहतो. तिचे सदस्य किती, हे लोकसंख्येवर ठरते: कमीत कमी 7, जास्तीत जास्त 17. अनुसूचित जातींच्या राखीव जागाही लोकसंख्येच्या प्रमाणातच. पंचायतीत अस्पृश्यांना हक्काची जागा हवी, असा आग्रह बाबासाहेबांनी 1932 सालीच मुंबई कायदेमंडळात धरला होता. त्या हक्काला घटनेची हमी मिळाली ती 73 व्या दुरुस्तीने, 24 एप्रिल 1993 पासून. महाराष्ट्रात 2011 पासून निम्म्या जागा महिलांच्या झाल्या.

2011 साली वर्धा जिल्ह्याची लोकसंख्या 13,00,774 होती. 2021 ची शिरगणती झालीच नाही. म्हणून वाचक बंधुभगिनींनो, 2027 च्या जनगणनेचा प्रगणक दारी आला की धर्म 'बौद्ध' सांगाच. पण जातीचा रकाना रिकामा सोडू नका. 1990 च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींत बौद्धांचाही समावेश झाला. तरी रकाना कोरा राहिला तर त्या आकड्यात आपण धरले जात नाही. आकडा घटला की पंचायतीतली खुर्चीही घटते.