दोन बाजूंनी उघडणारं दप्तर

सकाळचं ऊन सीएसएमटीच्या घुमटामागून वर येतं, लोकलमधून नुकत्याच सांडलेल्या गर्दीच्या खांद्यांवरून, बसच्या लाल टपांवरून, वडापावच्या पहिल्या घाण्याच्या धुरातून वाट काढत दादाभाई नौरोजी रस्ता ओलांडतं, आणि समोरच्या जुन्या दगडी इमारतीच्या कमानींवर, लहानमोठ्या घुमटांवर अशा काही सबुरीनं पसरतं, की जणू आज त्याला कुठल्याच ऑफिसात मस्टरवर सही करायची नाही. खाली लोक पळत असतात. वर अंजुमन-ए-इस्लाम उजळत असते.

इमारत 1893ची, शिक्षणसंस्था त्याआधीची, 1874ची. तेव्हा मुंबईत विद्यापीठ होतं, शाळा होत्या, पण बाकांवर मुसलमानांची मुलं विरळ होती. कुठे इंग्रजीचा संशय, कुठे फारसीच्या गतवैभवाची ऊब, आणि पुष्कळ घरांत नुसतंच दारिद्र्य. बॅरिस्टर बद्रुद्दीन तय्यबजी, त्यांचे सॉलिसिटर भाऊ कमरुद्दीन आणि त्यांचे सोबती यांनी ही गोष्ट मनाला लावून घेतली आणि अंजुमन उभी केली. बद्रुद्दीन यांनी स्वतःच्या मुलींनाही शाळेत धाडलं, त्या काळात, पडद्याच्या त्या दिवसांत. 1897च्या राजद्रोहाच्या खटल्यात टिळकांना जामीन देणारे न्यायमूर्ती तय्यबजी ते हेच. जामीन आपल्या इतिहासात शिरला.

शाळा रस्त्यावरच राहिली.

मला भूल पडते ती उर्दू शाळेत जाणाऱ्या पोरांच्या दप्तराची. माझी एक मैत्रीण शहरातल्या दुसऱ्या एका उर्दू शाळेत मराठी शिकवते. तिच्याकडे गेले की तपासायच्या वह्यांचा ढीग आधी माझ्याच मांडीवर येतो. दप्तरात बालभारतीचीच पुस्तकं, पण एक उजवीकडून उघडतं, दुसरं डावीकडून. एकाचं पहिलं पान असतं तिथे दुसऱ्याचं शेवटचं. उर्दूच्या ‘नस्तालिक’ वळणाच्या उतरत्या ओळी उजवीकडून निघतात, वळणं घेत, ठिपके उधळत डावीकडे जातात, त्याच हातानं, त्याच बोटांनी, पुढच्या तासाला देवनागरीच्या शिरोरेघा ओढायच्या. आणि गणित? शब्द उजवीकडून डावीकडे येत असतात, मधेच 345 असा आकडा लागतो, आणि डोळ्यांना क्षणभर उलटं वळून तो डावीकडून वाचावा लागतो, मग पुन्हा मूळ वाटेला. रोज, ओळीओळीला, न अडखळता. मोठ्यांना एका दिशेनं चालणं जमेनासं झालेल्या काळात ही पोरं दिवसभर दोन्ही वाटांनी येऊन-जाऊन असतात. शाईनं माखलेली बोटं केसांना पुसतात आणि विचारतात, डबा कधी खायचा?

मुसलमान आणि शिक्षण म्हटलं की लोकांच्या ओठी आधी मदरसा येतो. मुसलमानांच्या स्थितीची पाहणी करणाऱ्या सच्चर समितीनं 2006मध्ये सांगितलं होतं, मदरशात जाणारी मुलं शंभरात तीन-चार. बाकीची अंजुमनसारख्या संस्थांच्या शाळांत असतात, पालिकेच्या शाळांत असतात, आणि काही कुठेच नसतात. त्या शेवटच्या काहींचं ओझं कुठल्याही दगडी कमानीला पेलायचं नाही. म्हणून मला अंजुमनच्या यशाच्या गोष्टी थोड्या जपून ऐकाव्याशा वाटतात. तरी एक ऐकताना हसू येतंच. बेस्टच्या बसचालकाचा मुलगा, क्रिकेटपटू वसीम जाफर याच शाळेकडून खेळला, आणि पंधराव्या वर्षी एका शालेय सामन्यात नाबाद 400 काढून बसला. त्या दिवशी स्कोअर लिहिणाऱ्याच्या मनगटाची मला काळजी वाटते.

मैत्रिणीच्या वर्गात खरी गंमत ‘ळ’ची. वर्गात कोकणातून आलेल्या घरांच्या मुली आहेत, श्रीवर्धन-मुरुडकडच्या. त्यांच्या आज्या मराठीच्याच एका खारट, लयदार बोलीत भांडतात आणि लाड करतात, त्यामुळे ‘ळ’ त्यांच्या जिभेवर जन्मापासून लोळतो. आणि शेजारच्या बाकावर मदनपुऱ्याच्या मुली, ज्यांचे पूर्वज 1857नंतर उत्तरेतून विणकामाचं कसब घेऊन इथे आले. त्यांची जीभ टाळूपर्यंत जाते, विचार करते आणि ‘ल’ घेऊन परत येते. परवा मैत्रिणीनं फळ्यावर लिहिलं: केळं, टाळी, आभाळ, सकाळ. मदनपुऱ्याची एक चिमुरडी उभी राहिली, ओढणी सावरून, डोळे घट्ट मिटून.

“आभाल.”

“नाही गं,” कोकणवाली म्हणाली, “जीभ उलटी कर. अशी. बघ माझ्याकडे.” आणि तिनं आ वासून दाखवलं. मग दुसरीनं वाकून पाहिलं, तिसरीनं पाहिलं, मागच्या बाकावरच्या उठून पुढे आल्या, सगळ्या वर्गानं जिभा उलट्या केल्या आणि जो काही ‘ळळळ’चा गदारोळ उसळला, त्यात ‘आभाळ’ नेमकं कुणाच्या तोंडून पहिल्यांदा नीट निघालं ते बाईंनाही कळलं नाही. शेजारच्या वर्गातून भूमितीच्या सरांनी भिंतीवर डस्टर आपटलं.