किल्लीची हाक

वस्तू हरवण्याच्या बाबतीत आमचा हात धरणारा कोणी नाही. बदलीच्या नोकरीत माणूस दर तीन-चार वर्षांनी घर, शेजार आणि दूधवाला हरवतो. त्या मानाने छत्री, चष्मा आणि किल्ल्या या किरकोळ बाबी होत. पण गेल्या दिवाळीत चिरंजीवांनी पुण्याहून रुपयाहून थोडी मोठी अशी एक चकती पाठवली आणि आमच्या या लौकिकावर घाला घातला. किल्ल्यांच्या जुडग्याला ती अडकवायची. जुडगा दिसेनासा झाला की फोनवर बोट टेकवायचे. चकती किणकिणून ओ देते. आत एक बारीक बॅटरी. ती वर्षभर पुरते म्हणे.

एका रविवारी आम्ही सहकुटुंब चंदीगडहून पिंजौरला गेलो. औरंगजेबाचा सरदार फिदाई खान याने सतराव्या शतकात घडवलेली तेथील बाग सात टप्प्यांनी खाली उतरत जाते. पांडव वनवासात या गावी राहिले होते, अशी आख्यायिका आहे. परप्रांतात दिवस काढणाऱ्या आमच्यासारख्यांना ती पटायला वेळ लागत नाही. आंब्याखाली डबा सोडला, कारंजी पाहिली आणि परतलो. घराच्या दारात येऊन खिशात हात घातला, तो खिसा रिकामा!

लहानपणी असे काही झाले की आई पदराला गाठ मारी आणि कार्तवीर्यार्जुनाचे स्मरण करी. सहस्र हातांच्या त्या राजाचे नाव घेतले की हरवलेले सापडते, अशी तिची श्रद्धा. आम्ही मात्र फोन काढला. नकाशावर पिंजौरच्या बागेत एक ठिपका उभा होता!

टॅक्सी करून पुन्हा निघालो. वाटेत चिरंजीवांनी फोनवरून त्यातले मर्म सांगितले. आपण कोठे आहोत हे चकतीला मुळीच ठाऊक नसते. ब्लूटूथच्या क्षीण लहरींवर ती केवळ आपली खूण सांगत राहते. जवळून जाणाऱ्या कोणा अनोळखी माणसाच्या खिशातला फोन ती खूण टिपतो आणि तिला ठिकाणाची जोड देऊन सांकेतिक रूपात पुढे धाडतो. त्या माणसाला याची वार्ताही नसते. २०२१ साली ॲपलने एअरटॅग काढला, तो याच तत्त्वावर. म्हणजे आईचा सहस्रबाहू अजून आहेच; फक्त त्याचे हात लोकांच्या खिशांत गेले आहेत.

बागेत पोहोचलो तेव्हा दिवे लागले होते. फोनवर बोट टेकवले. पण कारंज्यांच्या आवाजात आम्हांला काही ऐकू येईना. ‘अहो, इकडे!’ हिच्या कानांनी हाक अचूक टिपली होती. आंब्याच्या बुंध्याशी, गवतात जुडगा पडला होता. त्यात सरकारी घराची किल्ली, कपाटाची किल्ली, आणि एक लांबलचक पितळी किल्ली.

‘ही वाईच्या घराची ना? अजून बाळगता?’ हिने विचारले.

आम्ही उत्तर दिले नाही. आई गेल्यावर वाईचे घर बंदच होते. ते विकायचे ठरले तेव्हा आम्हांला रजा मिळाली नाही. मुखत्यारपत्रावर सही करून ते टपालाने पाठवले. किल्ली तेवढी पाठवायची राहिली. घेणाऱ्याने कुलूप तोडून घरात पाऊल टाकले, असे मागाहून कळले. ‘विसरलो’ असे आम्ही सर्वांना सांगितले. आमच्या विसरभोळेपणाची कीर्ती एवढी, की कोणी शंका घेतली नाही. खरे म्हणजे तेवढी एकच किल्ली आम्ही कधी विसरलो नव्हतो. आपल्या हाताने ती दुसऱ्याला देववत नव्हती, इतकेच.

ते त्या रात्री हिला सांगितले. ही काही बोलली नाही. घरी आल्यावर तिने पितळी किल्ली जुडग्यातून सोडवली आणि देवघरात आईच्या जपमाळेशेजारी ठेवली. चकती सरकारी किल्लीपाशीच राहिली.