फुफींचं समन्स

रमजानचा पहिला आठवडा होता. अस्रनंतर फुफी घरी आल्या आणि एक घडी केलेला कागद माझ्या हातात देऊन म्हणाल्या, "कोर्टाचा माणूस देऊन गेला. माझा अंगठा घेतला. तू शिकलेला आहेस, बघ काय ते."

ते दिवाणी न्यायालयाचं समन्स होतं. माझ्या अब्बांनी वडिलोपार्जित घरातला आपला हिस्सा केव्हाच चुलत भावांना विकला होता. उरला होता फुफींचा. तो त्यांनी लग्नातच तोंडी सोडून दिला, असं म्हणत चुलत भावांनी दावा लावला होता. असं काही झालंच नव्हतं.

मी कागद कपाटात ठेवला. दहावीचे पेपर तपासायचे होते, पुढे ईद होती. मनात म्हटलं, कोर्टाचं काम काय, तारखेवर तारीख पडतच असते.

इथेच मी फसलो. तारीख वेगळी आणि मुदत वेगळी. तारीख न्यायालय पुढे ढकलतं. मुदत मात्र समन्स हातात पडल्या दिवसापासून गुपचूप चालू होते. लेखी कैफियत 30 दिवसांत द्यायची असते. न्यायालय कारण नोंदवून ती 90 दिवसांपर्यंत वाढवू शकतं. मी दोन्ही घालवल्या.

वर्षभराने तलाठ्याकडून फेरफाराची नोटीस आली, तेव्हा कळलं की पाच महिन्यांपूर्वीच एकतर्फी हुकूमनामा झाला होता. फुफींचा हिस्सा कागदावरून पुसला गेला होता. त्या रात्री मला झोप लागली नाही. फुफींनी माझ्याकडे ठेवलेली ती अमानत होती.

वकिलांनी सांगितलं, समन्स रीतसर मिळालेलं असल्यामुळे एकतर्फी हुकूमनामा रद्द करायचा अर्ज 30 दिवसांतच यायला हवा होता. आता सोबत 1963 च्या मुदत कायद्याच्या कलम 5 खाली उशीर माफीचा अर्ज द्यावा लागेल, आणि उशिराचं पुरेसं कारण शपथेवर सांगावं लागेल.

एका ओळखीच्या माणसाने सल्ला दिला, "म्हातारीला कावीळ झाली होती म्हणून लिहा. डॉक्टरचा दाखला मी आणून देतो." खरं सांगतो, मी डळमळलो. आजारपण लिहिलं की माझी चूकही झाकली जात होती.

फुफी म्हणाल्या, "मी आजारी नव्हते रे. माझा हक्क अल्लाहने ठरवून दिलाय. तो मागायला खोटी शपथ कशाला?"

मग आम्ही खरं तेच लिहिलं. अर्जदार निरक्षर विधवा आहे, कागद पुतण्याकडे विश्वासाने दिला होता, पुतण्याने हयगय केली. त्याखाली मी माझं वेगळं शपथपत्र जोडलं. स्वतःची हयगय स्वतःच्या सहीने लिहून देताना हात जड झाला होता.

चौदा महिन्यांनी निकाल लागला. समोरच्यांना खर्चापोटी चार हजार रुपये देण्याच्या अटीवर उशीर माफ झाला, एकतर्फी हुकूमनामा रद्द झाला. चार हजार मी भरले. दावा अजून चालू आहे. निकाल काय लागेल ते अल्लाह जाणे. पण निदान फुफींचं म्हणणं आता न्यायालयासमोर आहे.

प्रत्येकाला अशी माफी मिळेलच असं नाही. आणि मूळ दावा लावायचीच मुदत टळली, तर हे कलम 5 कामाला येत नाही. म्हणून घरात समन्स आलं की मिळाल्याची तारीख त्याच्यावर लिहा आणि त्याच आठवड्यात वकील गाठा. पैशांची अडचण असेल, तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. फुफींनाही मिळाला असता. मला तेव्हा ठाऊक नव्हतं.

फुफी आजही प्रत्येक कागद माझ्याकडेच आणतात. एकदाही बोलून दाखवत नाहीत. तेच मला जास्त लागतं.