उबूचा बाप

१० डिसेंबर १८९६. पॅरिस. थिएटरात पडदा वर गेला आणि फिर्मँ जेमिए नावाच्या नटानं पहिलाच शब्द फेकला : गू. फ्रेंचमधला तो शब्द, फक्त एक ‘र’ जास्तीचा घुसवलेला. झालं. सुटाबुटातले रसिक खवळले. कुणी शिट्ट्या मारतंय, कुणी टाळ्या पिटतंय. नाटक ‘उबू राजा’. लिहिणारा आल्फ्रेद जारी. वय तेवीस.

मी हे नाटक इंग्रजीतून वाचलं आणि त्या शब्दापाशीच थबकलो. पॅरिसच्या भद्र कानांना तो झोंबला. माझ्या घरात हा शब्द शिवी नव्हता, रोजगार होता. आजी पहाटे अंधारात पाटी घेऊन निघायची. डोक्यावरून मैला वाहण्यावर कायद्यानं बंदी आली १९९३ साली. २०१३ साली पुन्हा कायदा करावा लागला. गटारात उतरलेली माणसं अजून मरताहेत. जारीनं शब्द भिरकावला; आजीच्या डोक्यावर तो दुसऱ्यांनी ठेवला. हा फरक आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं मी जारीचं कौतुक केलं तर कुणी मला फॅशनवाला म्हणायला नको.

कारण गडी होताच तसा. जन्म १८७३, लाव्हाल गावचा. पंधराव्या वर्षी रेन शहरातल्या शाळेत आला. तिथं एबेर नावाचे पदार्थविज्ञानाचे मास्तर होते. पोट सुटलेले, वर्गावर काडीचा ताबा नाही. पोरं त्यांची टर उडवायची. मोरँ नावाच्या दोन भावांनी त्यांच्यावर एक नाटुकलं रचलं होतं. जारीनं ते उचललं, मित्रांना घेऊन बाहुल्यांवर केलं, पुढं त्यातून ‘उबू राजा’ उभा केला. म्हणजे मूळ माल शाळकरी पोरांचा. पण वर्गातल्या मास्तरात साऱ्या जगाचा राज्यकर्ता बघितला तो जारीनं.

हा उबू कोण? ढेरपोट्या, भित्रा, हावरट. बायकोनं फूस लावली म्हणून पोलंडच्या राजाला मारतो आणि गादीवर बसतो. आणि पोलंड तरी कुठला? त्या काळी तो नकाशावरच नव्हता, तिघा साम्राज्यांनी वाटून खाल्लेला. गादीवर बसल्यावर उबू सरदारांना एकेक करून तळघराच्या भोकात ढकलतो आणि त्यांच्या जमिनी घशात घालतो. मग न्यायाधीश. त्यांचा पगार बंद. तुम्ही दंडावर आणि फाशी दिलेल्यांच्या मालमत्तेवर जगा म्हणतो. ते कुरकुरले, गेले भोकात. मग खजिन्याचे अधिकारी, तेही भोकात. आता वसुलीला माणूसच उरला नाही, तेव्हा स्वतः गाडा घेऊन शेतकऱ्यांच्या दारात उभा. लग्नावर कर, मरणावर कर, आणि सगळे कर दुप्पट.

हे वाचताना मला हसू आलं आणि मग हसू थांबलं. उबू काही फार मोठा राक्षस नाही. त्याला विचार नाही, तत्त्व नाही, नुसतं पोट आहे. सत्तेला एवढं पुरतं, हे जारीनं दाखवलं.

आणि दाखवलं ते स्वस्तात. घोडेस्वार म्हणजे नटाच्या गळ्यात पुठ्ठ्याचं घोड्याचं तोंड. सगळं सैन्य म्हणजे एक शिपाई. जागा बदलली की पाटी बदलायची. ज्यांच्याकडे थिएटर नाही त्यांनी हे ध्यानात ठेवावं.

आईबापामागं वाट्याला आलेला पैसा जारीनं उधळला. त्यातला बराचसा गेला मासिकांपायी. ‘पेरिंदेरियों’ नावाचं मासिक त्यानं खास टाइप घेऊन काढलं. दोन अंक निघाले, बंद. स्टेन्सिलच्या शाईनं हात काळे झालेल्यांना हे दुःख वेगळं सांगायला नको.

मग दारिद्र्य. राहायला एक मजला आडवा कापून केलेली खोली; बुटक्या जारीचं डोकं छताला घासायचं, पाहुण्याला वाकून बसावं लागायचं. सायकलवर भटकणं, खिशात पिस्तूल, पोटात अ‍ॅबसिंथ. बोलायचा उबूसारखं, स्वतःला ‘आम्ही’ म्हणत. इथं मला तो खटकतो. ज्याची टर उडवली त्याचंच सोंग अंगात मुरलं. १ नोव्हेंबर १९०७ ला इस्पितळात मेला, क्षयानं. वय चौतीस. मरताना म्हणे दात कोरायची काडी मागितली. पॅरिसला हा किस्सा फार आवडतो. मला त्यात एक उपाशी पोर दिसतं.

पुढं मोठ्या लोकांनी त्याला आपलंसं केलं. १९२६ साली आर्तो वगैरेंनी त्याच्या नावानं नाटकमंडळी काढली. १९४८ साली त्याच्या ‘पाताफिजिक’ या थट्टाशास्त्राचं कॉलेज निघालं. ते राहू द्या. उबू खरा जगला तो दुसरीकडं. नायजेरियात हुकूमशहांना भोगलेल्या वोले सोयिंकांनी २००१ साली ‘किंग बाबू’ लिहिलं. त्याआधी १९९७ साली दक्षिण आफ्रिकेत जेन टेलर आणि विल्यम केंट्रिज यांनी ‘उबू अँड द ट्रुथ कमिशन’ केलं. त्यात उबू वर्णद्वेषी राजवटीचा मारेकरी. रात्री माणसं मारून येतो आणि अंगावरचं रक्त धुतो. बायकोला वाटतं, बाहेर भानगड आहे. पुरावे मगरीच्या तोंडात कोंबून नष्ट करतो. ज्यांची पोरं मारली गेली त्यांच्या साक्षी आयोगापुढं झालेल्या, खऱ्या. त्या बोलतात लाकडी बाहुल्या. शाळकरी पोरांची बाहुली शंभर वर्षांनी साक्षीला उभी राहिली. आजीचा गू आणि जारीचा गू जवळ आला असेल तर तो इथं.

जाता जाता त्याचं दुसरं नाटक, ‘साखळीतला उबू’. राज्य गेलेला उबू स्वतंत्रांच्या देशात येतो आणि हौसेनं गुलाम होतो. तिथले स्वतंत्र लोक कवायत करतात : नायकानं हुकूम द्यायचा, सगळ्यांनी तो मोडायचा, तोही एकत्र नाही, ज्यानं त्यानं आपापल्या वेळी. हुकमाप्रमाणं बंड. शेवटी उबूचं सुख बघून लोक आपणहून साखळ्या मागतात. मित्रांनो, ‘उबू राजा’ वाचताना आपल्याला साहेब दिसतात, मंत्री दिसतात, मजा येते. हे दुसरं नाटक मात्र आपल्या कार्यालयात, आपल्या मोर्चाच्या आदल्या रात्री, मोठ्यानं वाचा. आणि वाचून झाल्यावर कुणाकडं बघायचं टाळलं, ते प्रत्येकानं आपापलं तपासावं.