सफूरा, सफुरा, सपुरा

उर्दू शाळेतल्या शिक्षकाला एकच नाव तीन लिप्यांत लिहावे लागते. हजेरीपटावर उर्दूत, जनरल रजिस्टर आणि दाखल्यावर मराठीत, बोर्डाच्या अर्जावर इंग्रजीत. आयेशा, फातिमा, मोहम्मद ही नावे कारकुनाच्या हाताला सवयीची असतात. पण एखादे अनोळखी नाव आले की लेखणी अडते. मग ज्याला जसे ऐकू येईल तसे तो लिहितो. अशा नावांपैकी एक म्हणजे सफूरा.

माझ्या वर्गात या नावाची एक मुलगी होती. शाळेच्या रजिस्टरात 'सफूरा', आधार कार्डावर 'सफुरा' आणि जन्माच्या दाखल्यावर चक्क 'सपुरा'. इंग्रजीत कुठे डबल ओ, कुठे यू. नववीत असताना तिचा शिष्यवृत्तीचा अर्ज नावे जुळत नाहीत म्हणून परत आला. तिची आई शाळेत आली ती निश्चय करूनच. म्हणाली, "टीचर, ये नामच बदल देव. कोई बराबर लिखताच नै."

कागदांचे कारण खरे होते, पण एकटे नव्हते. नात्यातल्या कुणीतरी तिला सांगितले होते की हे नाव कुरआनात नाही. दुसऱ्या कुणी शब्दकोश उघडून अर्थ काढला होता, 'पिवळी'. आईला आता 'सना' हे नाव हवे होते. मुलगी खाली मान घालून उभी होती. नाव तिच्या दादीचे होते, आणि दादी नुकतीच वारली होती.

कुरआनात नाही हे खरेच. पण कुरआनात नावानिशी उल्लेख आलेली स्त्री एकच, हजरत मरियम. हव्वा, खदीजा, फातिमा यांपैकी एकही नाव तिथे येत नाही. म्हणून ही नावे आपण सोडली का? सफूराचा प्रसंग मात्र कुरआनात आहे, सूरह अल-कससमध्ये. हजरत मूसा (अ.) मिसर सोडून मदयनच्या पाणवठ्यावर पोहोचतात. तिथे दोन मुली आपली जनावरे अडवून बाजूला उभ्या असतात. धनगर निघून गेल्याशिवाय आम्हांला पाणी पाजता येत नाही आणि आमचे वडील फार म्हातारे आहेत, असे त्या सांगतात. मूसा (अ.) त्यांच्या जनावरांना पाणी पाजतात. पुढे त्यांच्यातली एक वडिलांना सुचवते की यांना कामावर ठेवा, कामाला माणूस सशक्त आणि विश्वासू असावा. आठ वर्षे चाकरी, मर्जी असेल तर दहा, या बोलीवर वडील आपल्या एका मुलीचा निकाह मूसा (अ.) यांच्याशी लावून देतात. कुरआन तिचे नाव घेत नाही. तफसीरकार आणि इतिहासकार ते सफूरा असे देतात.

आता अर्थ. हे नाव आले हिब्रूतून. तौरेतमध्ये मूसांच्या पत्नीचे नाव त्सिप्पोरा आहे आणि 'त्सिप्पोर' म्हणजे पाखरू. मराठी बायबलमध्ये तीच सिप्पोरा होते. अरबीत चिमणीला 'उस्फूर' म्हणतात, तो शब्दही याच कुळातला. शब्दकोशात सापडलेला 'पिवळी' हा अर्थ 'सफरा' या वेगळ्या शब्दाचा. युनानी हकीम पित्ताला सफरा म्हणतात, तोच हा शब्द. त्याची मूळ अक्षरे तीच, म्हणून गफलत होते. त्याच अक्षरांतून सफर महिन्याचे नाव बनते आणि 'सिफर' म्हणजे शून्यही बनते. पण म्हणून सफूराला कुणी शून्य म्हणणार नाही.

मला सर्वांत नवल वाटले ते 'सपुरा'चे. हिब्रूत या नावात 'प' होता. अरबीत 'प' नाही, म्हणून तिथे 'फ' आला आणि तोच उर्दूत उतरला. आमच्या भागातल्या म्हाताऱ्या बायका मात्र सरळ 'सपुराबी' म्हणत. त्यांच्या जिभेवर त्या नावाचा जुना 'प' आपोआप परत आला होता. जन्माची नोंद करणाऱ्याने जे ऐकले ते लिहिले. कागदाच्या दृष्टीने ते चूक ठरले, पण बोलण्यात ते नाव कधी चुकीचे नव्हते.

याचा अर्थ अक्षराला किंमत नाही असा नव्हे. देवनागरीत एकच 'स' आहे. उर्दूत सीन, स्वाद आणि से अशी तीन अक्षरे त्या आवाजाची आहेत. सफूरा स्वादने लिहितात. सीनने लिहिले तर वाचणाऱ्याला 'सुफूर' आठवेल, म्हणजे चेहरा उघडा टाकणे. 'आसिया' हे नाव घ्या. अलिफ आणि सीनने लिहिलेली आसिया म्हणजे फिरऔनची ईमानवंत पत्नी. ऐन आणि स्वादने लिहिली तर अर्थ होतो अवज्ञा करणारी. हजरत उमर (रजि.) यांच्या एका मुलीचे हे दुसरे नाव प्रेषितांनी (स.) बदलून जमीला ठेवले, अशी हदीस सहीह मुस्लिममध्ये आहे. मराठीत दोन्ही नावे सारखीच दिसतात. नाव बदलण्याची गरज कधी असते आणि कधी नसते, हे या एका उदाहरणावरून कळते.

हे सारे मी त्या आईला सांगितले. ती बराच वेळ गप्प राहिली. मग मुलीला म्हणाली, "तेरी दादी चिड़िया थी, मालूम है?" मुलगी हसली. नाव राहिले. पुढचे काम मात्र सोपे नव्हते. प्रतिज्ञापत्र, जन्मदाखल्याची दुरुस्ती, मग आधार, असे कित्येक महिने तिच्या वडिलांनी रोजंदारी बुडवून खेटे घातले. दहावीच्या प्रमाणपत्रावर नाव छापून येण्याआधी ते झाले, एवढेच बरे.

आपल्याकडे नाव ठेवताना अर्थ विचारतात, अक्षर विचारत नाहीत. १ ऑक्टोबर २०२३ पासून किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून नोकरीपर्यंत जन्माचा दाखला हाच जन्माचा मुख्य पुरावा ठरला आहे. म्हणजे पहिल्या दिवशी लिहिलेले अक्षर आयुष्यभर सोबत राहणार. तेव्हा नाव नोंदवायला जाताना ते कागदावर उर्दू, मराठी आणि इंग्रजी अशा तिन्ही लिप्यांत लिहून न्यावे, आणि पुढे प्रत्येक ठिकाणी तोच कागद दाखवावा. घरात दादी-नानी असतील तर नाव कुठून आले, कुणाचे होते, हेही त्यांना विचारून ठेवावे. अवघड वाटते म्हणून जुने नाव टाकून देणे सोपे आहे. पण मदयनच्या पाणवठ्यापासून आपल्या गल्लीतल्या सपुराबीपर्यंत जे नाव जिभेजिभेवर टिकले, ते आपल्या एका अर्जाच्या चौकटीत बसत नाही म्हणून संपू नये.