नाशिकला गेलात तर शरणपूरही पाहा

नाशिकला जायचं ठरलं की आपली यादी तयारच असते. रामकुंड, काळाराम, सीतागुंफा. परतताना चिवडा, मनुका आणि जमलंच तर एखादं तांब्याचं भांडं. मैत्रिणींनो, ही यादी काही चुकीची नाही. पण पुढच्या खेपेला अर्धा दिवस जास्तीचा ठेवा आणि पंचवटीपलीकडचं नाशिकही बघून या.

गोदावरी ओलांडून जुन्या नाशकात शिरलात की अरुंद गल्ल्या आणि जुने वाडे लागतात. तिथेच बडी दर्गा आहे. इथे माथा टेकायला फक्त मुसलमानच येतात असं नाही बरं का! तिथून रिक्षा करून शरणपूर रोडला या. आज हा रस्ता दुकानांनी गजबजलेला असतो, पण नावाकडे लक्ष द्या. शरण आलेल्यांचं पूर! १८५० नंतरच्या काळात मिशनऱ्यांनी इथे वसाहत केली. गुलामांच्या जहाजांतून सोडवलेली आफ्रिकी मुलंही इथे आणून शिकवली. संत आंद्रिया चर्च याच भागात आहे.

याच नाशकात १८६६ साली कॉर्नेलिया सोराबजी जन्मली. वडील पारशी घरातून ख्रिस्ती झालेले. पुढे कुटुंब पुण्याला गेलं आणि तिथे आई फ्रान्सिनाबाईंनी शाळा काढल्या. इंग्रजी शाळेत सगळ्या धर्मांची मुलं असत. तरी बाई तेवढ्यावर थांबल्या नाहीत. हिंदू मुलांसाठी मराठी शाळा काढली आणि मुसलमान मुलांसाठी उर्दू. ज्याला शिकवायचं त्याच्या भाषेत शिकवायचं, ही साधी गोष्ट त्यांना उमगली होती.

लेकही आईच्या वळणावर गेली. ऑक्सफर्डला कायदा शिकणारी ही पहिली स्त्री. १८९२ साली परीक्षा दिली, पण बाई म्हणून पदवी हातात पडायला पुढे जवळजवळ तीस वर्षं जावी लागली. १९०४ पासून तिनं बंगालकडच्या पडदानशीन बायकांसाठी सरकारी सल्लागार म्हणून काम केलं. त्या बायकांना परक्या पुरुषासमोर येता येत नसे, मग वकील कसा गाठणार? घरात इस्टेट असून हातात काही नाही, अशी गत. कॉर्नेलिया ख्रिस्ती, आणि या बायका हिंदू नाहीतर मुसलमान. ‘आधी पडदा सोडा, मग मदत करते’ असं ती म्हणाली नाही. पडद्याआड जाऊन त्यांच्याजवळ बसली आणि त्यांच्या हक्कांसाठी भांडली.

हे सगळं जुनं झालं, आता काय, असं तुम्ही म्हणाल. तर मग शहर बसनं नाशिकरोडला चला. इथे बाळ येशूचं मंदिर आहे. फेब्रुवारीतल्या दुसऱ्या शनिवार-रविवारी यात्रा भरते आणि सगळ्या धर्मांची माणसं मेणबत्त्या घेऊन येतात. येशूला मुसलमानही मानतात, ईसा म्हणतात. त्याच्या आईच्या, मरियमच्या नावाचा एक अध्यायच कुराणात आहे, एकोणिसावा. मात्र त्यांच्या लेखी ईसा हा पैगंबर, देवाचा पुत्र नव्हे. हा फरक आहे, आणि तो लपवून काही साधत नाही.

माझी नणंद नाशिकरोडलाच राहते. तिच्या मजल्यावर एक ख्रिस्ती नर्स आहेत आणि त्यांच्या समोर एक मुसलमान कुटुंब. पहिल्या नाताळाला सिस्टरनी मोठ्या हौसेनं केक पाठवला. चार दिवसांनी तो तसाच कामवालीच्या हातात दिसला. झालं! सिस्टर मनातून दुखावल्या. बोलणं तुटलं नाही, पण आटलं. पुढच्या रमजानमध्ये आलेला शीरखुर्माही त्यांनी नुसता घेतला, ‘बसा’ म्हणाल्या नाहीत. शेवटी नणंदेनंच दोघींना चहाला बोलावलं.

“भाभी, केक आवडला नव्हता का हो?” सिस्टरनी विचारूनच टाकलं.

“आवडला असता हो, पण त्यात रम असते ना. तुम्हाला वाईट वाटेल म्हणून बोलले नाही.”

दोघीही एकमेकींना जपायला गेल्या आणि त्यापायी वर्ष फुकट गेलं! आता सिस्टर दर नाताळात दोन केक करतात. घरच्यांसाठी नेहमीचा आणि भाभींसाठी बिनरमचा. भाभीही रोज्याच्या दिवसांत रात्रपाळीहून आलेल्या सिस्टरची झोप मोडू नये म्हणून पहाटे भांड्यांचा आवाज होऊ देत नाहीत.

मैत्रिणींनो, एवढं असूनही आपल्याकडे भाड्यानं जागा देताना आधी आडनाव विचारतात. ‘आमची काही हरकत नाही हो, पण सोसायटीचे लोक...’ हे वाक्य मीही एकदा गप्प बसून ऐकलं आहे. त्या दिवशी दारातून परत गेलेली बाई अजून आठवते. आता असं कानावर आलं तर गप्प बसायचं नाही, असं मी ठरवलं आहे. तुम्हीही ठरवा.

आणि हो, सिस्टरची कृती विचारून आणली आहे. नाशिकच्या मनुका रात्रभर संत्र्याच्या रसात भिजत घालायच्या. रमची आठवणसुद्धा होत नाही!